दुसऱ्यांच्या जगात राहायला जाताना

एकट्याने माइनक्राफ्ट हा संगणकावरचा खेळ खेळताना एस्केपची कळ दाबली, की सगळे जिथल्या तिथे थांबते. अर्ध्या उडीत असलेला आठ पायांचा कोळी हवेतच राहतो, मावळतीला लागलेला सूर्य तिथेच अडकतो आणि आपण खुशाल उठून दुसरे काम करून येऊ शकतो. दुसऱ्या कुणाच्या सर्व्हरवर, म्हणजे अनेकांसाठी एकच जग चालू ठेवणाऱ्या संगणकावर, हीच कळ दाबली तर पडद्यावर तोच मेनू उघडतो, पण त्याच्यामागे जग चालूच राहते. कोळी आपली उडी पुरी करतो आणि बहुधा आपला जीवही घेतो. ऑनलाइन सर्व्हरवर खेळायला जाणे म्हणजे नेमके काय, असे मला कुणी विचारले तर मी ग्राफिक्स, मित्रमंडळी, स्पर्धा वगैरे सांगण्याआधी हा एक फरक सांगेन. तिथे वेळ आपल्या मालकीचा नसतो, आणि एकदा वेळ आपला नाही म्हटल्यावर तिथल्या बाकीच्या कितीतरी गोष्टी आपोआप बदलतात.

या खेळाला ध्येय असे काही नाही. मार्कस पर्सन यांनी २००९ च्या मे महिन्यात त्याचे पहिले रूप लोकांपुढे ठेवले, त्याच वर्षी त्यात अनेकांनी मिळून खेळण्याची सोय आली, आणि २०११ च्या नोव्हेंबरमध्ये पूर्ण आवृत्ती बाहेर पडली तोवर लाखो लोक त्यात घरे बांधत होते. जग चौकोनी ठोकळ्यांचे आहे, लांबी-रुंदीला साधारण ६ कोटी ब्लॉक पसरलेले, आणि त्यातला दिवस-रात्रीचा फेरा आपल्या वीस मिनिटांत पुरा होतो. झाड तोडा, खाण खणा, किल्ला बांधा, किंवा नुसते भटका. कुणी काही म्हणत नाही. एवढे मोकळे रान एकट्याच्या वाट्याला आले की पहिले काही आठवडे माणूस हरखून जातो, आणि मग एके दिवशी आपण बांधलेल्या मनोऱ्याच्या टोकावर उभे राहून त्याला प्रश्न पडतो, की हा मनोरा पाहणार कोण? माझ्या अंदाजाने सर्व्हरवर जाणाऱ्यांपैकी निम्मे लोक या प्रश्नामुळे जातात. उरलेले निम्मे दुसऱ्याचा मनोरा पाडायला जातात, पण त्यांच्याविषयी पुढे.

जाण्याची क्रिया तशी किरकोळ आहे. मल्टिप्लेअरच्या पानावर सर्व्हरचे नाव आणि पत्ता भरायचा. संगणकावरच्या जावा आवृत्तीत पत्त्यापुढे पोर्टचा, म्हणजे त्या सर्व्हरच्या दाराचा, आकडा दिला नसेल तर खेळ २५५६५ हा गृहीत धरतो. यादीत सर्व्हरची ओळ उमटते, तिच्यात मालकाने लिहिलेली दोन ओळींची जाहिरात, आत्ता आत असलेल्यांची संख्या आणि उजव्या कडेला हिरव्या उभ्या रेघा असतात. या रेघा म्हणजे आपला निरोप तिथे जाऊन परत यायला किती वेळ लागतो याचा हिशेब. आवृत्ती जुळली नाही तर दार उघडत नाही. तुमचा खेळ १.२० चा आणि सर्व्हर १.१९ चा असेल, तर तिकडून सरळ नकार येतो. मोबाइल आणि कन्सोलवरची बेडरॉक आवृत्ती तर वेगळ्याच घराण्यातली. तिचा पोर्ट वेगळा, तिचे सर्व्हर वेगळे, आणि गायझरसारखा दुभाषी मध्ये बसवल्याशिवाय या दोन्हींचा एकमेकांशी संवाद नाही. एकाच खेळण्याच्या दोन प्रती घेऊन बसलेली दोन भावंडे एकमेकांच्या जगात जाऊ शकत नाहीत, ही गोष्ट नवख्यांना समजावून सांगताना माझा घसा पुष्कळदा कोरडा पडला आहे.

हे सगळे जुळले की पडद्यावर एकामागून एक छोट्या ओळी येतात, जोडणी होत आहे, ओळख पटत आहे, भूप्रदेश उतरवला जात आहे, आणि मग आपण कुठेतरी उभे असतो. खाली चॅटमध्ये पिवळ्या अक्षरांत आपले नाव उमटते: अमुक खेळात आले. ती ओळ सर्वांना दिसते. एकट्याच्या जगात आपण कितीही वेळा आलो-गेलो तरी त्याची नोंद घेणारे कुणी नसते. इथे आपल्या येण्याची दवंडी पिटली जाते, आणि मला अजूनही नव्या सर्व्हरवर त्या क्षणी किंचित अवघडल्यासारखे होते.

आता थोडे यंत्राविषयी, कारण या खेळातले सामाजिक जीवन यंत्रातून निघते आणि ते न समजता पुढचे सांगता येणार नाही. सर्व्हर हे जग एका सेकंदात वीसदा पुढे ढकलतो. प्रत्येक ढकलीला टिक म्हणतात आणि तिच्यासाठी ५० मिलिसेकंदांची मुदत असते. तेवढ्या अवधीत त्याला प्रत्येक गाय, प्रत्येक उगवते पीक, प्रत्येक भट्टी आणि प्रत्येक खेळाडू यांचा हिशेब करायचा असतो. आपल्या संगणकावर दिसते ते या हिशेबाचे चित्र असते, आणि चित्र अधूनमधून हिशेबाच्या पुढे धावते. मी टिकावाने दगड फोडते. फुटल्याचा आवाज येतो, बारीक तुकडे उडतात, समोर भोक पडते, मी त्यात पाऊल टाकते, आणि क्षणभराने दगड पुन्हा आपल्या जागी हजर होऊन मला मागे ढकलतो. माझ्या संगणकाने फुटला असे धरून चालले होते. सर्व्हरने ते मान्य केले नाही. अशा वेळी दाद मागायला जागा नसते. तिथे खरे काय घडले हे सर्व्हर ठरवतो, आणि माझ्या डोळ्यांनी पाहिलेले रद्द ठरते.

याचे टोक असे, की ५० मिलिसेकंदांत काम उरकले नाही तर सर्व्हर टिकांची संख्या कमी करतो, म्हणजे सर्वांसाठी काळ मंदावतो. कुणीतरी एका खोलीत शेकडो कोंबड्या कोंबून अंड्यांचा कारखाना काढतो, आणि त्याच्यापासून दहा हजार ब्लॉक दूर समुद्रकिनारी बसलेल्या माणसाचा सूर्य हळू मावळू लागतो. शेजाऱ्याच्या कोंबड्यांमुळे सूर्यास्ताला उशीर होणारे दुसरे कोणतेही जग माझ्या पाहण्यात नाही. म्हणून चांगल्या सर्व्हरवर जनावरे किती पाळावीत यावर गंभीर चर्चा होतात, आणि बाहेरून पाहणाऱ्याला त्या हास्यास्पद वाटल्या तरी आतल्या माणसाला त्यांत काही वावगे दिसत नाही. सामायिक गोष्ट नेमकी कोणती आणि ती कोण जास्त वापरतो, हे तिथे आकड्यांत दिसत असते.

गंमत अशी, की आपण ज्याला एकट्याचे जग म्हणतो त्यातही २०१२ च्या ऑगस्टमधल्या १.३ या आवृत्तीपासून आतल्या आत एक सर्व्हरच चालू असतो. खेळाडू एकटा, सर्व्हरही त्याच्याच संगणकात, आणि तरीही दगड फोडण्याची परवानगी एकाने मागायची आणि दुसऱ्याने द्यायची अशीच रचना असते. फरक इतकाच, की तिथे तो सर्व्हर एस्केपच्या कळीचे ऐकतो.

सर्व्हर म्हटले की बहुतेकांच्या डोळ्यांसमोर मोठी नावे येतात. २०१३ मध्ये सुरू झालेल्या हायपिक्सेलवर २०२१ मध्ये एकाच वेळी २ लाखांहून अधिक लोक खेळत होते. तिथे आपण एका भव्य चौकात उतरतो, पुतळ्यांसारख्या उभ्या पात्रांवर टिचकी मारून खेळ निवडतो, आणि काही सेकंदांत आपल्याला अनोळखी लोकांबरोबर एका तरंगत्या बेटावर सोडले जाते, जिथे आपला पलंग राखायचा आणि इतरांचे फोडायचे असतात. खेळ चुरशीचा आहे आणि मी तो आवडीने खेळलेही आहे. पण सामना संपला की ते बेट नाहीसे होते. तिथे माझ्या हातून घडलेली कोणतीही गोष्ट दुसऱ्या दिवशी जागेवर नसते, म्हणून मी तिला राहणे म्हणत नाही. दुसऱ्या टोकाला टूबीटूटी आहे. २०१० च्या डिसेंबरपासून चालू असलेले, कधीही पुसून नव्याने न सुरू केलेले आणि जवळजवळ कोणतेच नियम नसलेले जग. तिथे उतरण्याची जागा मैलोन्‌मैल उकरलेली, जळालेली, लाव्हाने भरलेली आहे, आणि नवख्याने जिवंत बाहेर पडणे हीच त्याची पहिली मोठी कामगिरी. तिथे टिकते ते सगळे खरोखर टिकते, उद्ध्वस्तपणासुद्धा. ते जग मी केवळ पाहायला गेले होते. तिथे राहण्याचा माझा पिंड नाही.

मला मानवला तो या दोन्हींच्या मधला प्रकार, म्हणजे लहान, व्हाइटलिस्ट असलेला सर्व्हर. यादीत नाव नसेल तर दाराशीच कळते, की तुम्हाला प्रवेश नाही. नाव घालण्याआधी सर्व्हर चालवणारा, म्हणजेच अ‍ॅडमिन दोन-चार प्रश्न विचारतो: वय काय, किती वेळ खेळता, काय बांधायला आवडते, याआधी कुठून बाहेर काढले गेलात का. पहिल्या वेळी मला हा उपचार फाजील वाटला होता. आता वाटत नाही, कारण त्या प्रश्नांची उत्तरे काय येतात यापेक्षा माणूस ती द्यायला थांबतो की नाही, यातूनच पुष्कळ गाळणी होते. ज्याला केवळ तोडफोड करायची आहे त्याला अर्ज लिहिण्याचा कंटाळा असतो.

आत गेल्यावर नवखा उतरतो ती जागा बहुधा गावाच्या मधोमध असते. मूळ खेळात त्या बिंदूपासून १६ ब्लॉकांपर्यंत सामान्य खेळाडूला काही फोडता येत नाही, त्यामुळे तिथल्या इमारती नीटनेटक्या राहतात. मी सध्या जिथे खेळते तिथे उतरल्याबरोबर एक पेटी दिसते, तिच्यात भाजलेले बटाटे आणि दगडी हत्यारे ठेवलेली असतात, आणि वर पाटी असते. पाटीवर चारच ओळी मावतात, त्यामुळे सर्व्हरचे नियम लिहिणाऱ्याला शब्द जपून वापरावे लागतात: घ्या पण संपवू नका, झाड तोडलेत तर रोप लावा, दुसऱ्याच्या पेटीला हात नको, घर बांधण्याआधी विचारा. पेटी कोण भरते हे मला बरेच दिवस कळले नाही. पुढे एकदा पहाटेच्या वेळी आत आले असता एक जुनी खेळाडू शेतातून बटाटे आणून गुपचूप भट्टीत टाकताना दिसली, आणि मी विचारले तेव्हा तिने चॅटमध्ये लिहिले, ‘‘मला कुणी सांगितलेले नाही. रिकामी दिसली म्हणून भरते.’’ त्या दिवसापासून मीही भरू लागले.

सर्व्हर कसा आहे हे ओळखायची माझी एक कसोटी आहे. खेळाडू मेला की त्याच्या जवळचे सगळे सामान जमिनीवर सांडते आणि आसपास कुणी असेल तर पाच मिनिटांत ते नाहीसे होते. एकट्याच्या जगात आपण धावत-पळत परत जाऊन ते उचलायचे असते. सर्व्हरवर त्या पाच मिनिटांत दुसरे कुणीही ते उचलू शकते, आणि उचलले तर पाच मिनिटांचे घड्याळ थांबते. आता त्या माणसाच्या हातात आपली हिऱ्यांची चिलखते आहेत, आणि त्याने ती घेतली हे आपल्याला ठाऊकही नाही. माझ्या बाबतीत हे एका दरीत घडले. मी धापा टाकत पोहोचले तेव्हा जमीन मोकळी होती आणि शेजारी एक नवी लाकडी पेटी उभी होती; आत माझे सारे सामान, अगदी किडलेल्या मांसाच्या तुकड्यासकट, नीट लावून ठेवलेले. त्या माणसाशी माझी तोवर एका शब्दाचीही ओळख नव्हती. किडलेले मांससुद्धा ठेवणे ही खास त्याची सचोटी. मी तरी ते फेकून दिले असते.

रात्रीचा प्रश्न मात्र बरीच वर्षे भांडणाचा होता. पलंगावर झोपले की रात्र सरते आणि राक्षस टळतात, परंतु पूर्वी त्यासाठी जगातल्या प्रत्येक खेळाडूने एकाच वेळी पलंगावर असणे आवश्यक होते. पंधरा जण झोपलेले आणि सोळावा खाणीत तल्लीन, की सगळे ताटकळत. चॅटमध्ये विनवण्या, मग चिडचिड, मग त्याचे नाव मोठ्या अक्षरांत. २०२१ मधल्या १.१७ आवृत्तीत किती टक्के लोक झोपले म्हणजे पुरे, हे ठरवण्याची सोय आली आणि बहुतेक सर्व्हरांनी तो आकडा खाली आणला. सोय झाली हे खरे. पण हा आकडा किती असावा यावरचा आमच्याकडचा वाद पाहण्यासारखा होता. ज्यांना रात्रीच शिकार करायची असते त्यांचे म्हणणे असे, की एका माणसाच्या झोपेने दहा जणांची रात्र हिरावली जाते. शेवटी एक तृतीयांशावर तडजोड झाली आणि दोन्ही बाजू नाराज राहिल्या, त्यावरून आकडा बरोबर असावा.

एकत्र राहण्यातून काय उभे राहते याचे सर्वांत बोलके उदाहरण नेदरमधले रस्ते आहेत. नेदर हे खेळातले पाताळ; तिथे एक ब्लॉक चालले की वरच्या जगात आठ ब्लॉक अंतर कापले जाते. म्हणून दूर वस्ती करणारे लोक पाताळातून बोगदे खणतात, बर्फाची फरशी घालून तिच्यावरून होड्या घसरवतात, आणि जागोजाग वर जायची दारे ठेवतात. हे काम कंटाळवाणे, धोक्याचे आणि बिनमोबदल्याचे असते. मुख्य चौकातून पूर्वेकडे जाणारा आमचा बोगदा निरनिराळ्या हातांनी खणला गेला आणि ते भिंती पाहून कळते. सुरुवातीला कोरीव विटा, मग साधा दगड, मग कुणीतरी घाईत लावलेले खडबडीत ठोकळे आणि छतातून डोकावणारा लाव्हा, आणि पुढे पुन्हा विटा. खणणाऱ्याने पाटीवर आपले नाव लिहिलेले नाही, पण सवय असलेल्याला हात ओळखू येतो. बाजाराचेही तसेच. कुणी चलन ठरवले नव्हते, पण हिरा सर्वांना लागतो आणि सहज मिळत नाही, म्हणून हिऱ्यात भाव होऊ लागले. दुकानात दुकानदार नसतो. एका पेटीतून माल घ्यायचा आणि दुसरीत हिरा टाकायचा.

मग तोडफोड करणारे, ज्यांना सर्वत्र ग्रीफर म्हणतात. व्हाइटलिस्ट असूनही अधूनमधून एखादा येतो, किंवा आतलाच कुणी रुसून तसा वागतो. कोअरप्रोटेक्टसारखे प्लगइन, म्हणजे सर्व्हरला जोडायचे छोटे प्रोग्राम, प्रत्येक ब्लॉक कुणी कधी ठेवला आणि कुणी कधी फोडला याची नोंद ठेवतात, आणि एका आज्ञेने अ‍ॅडमिन त्या माणसाची सगळी करणी उलटी फिरवू शकतो. जळालेले घर डोळ्यांदेखत पुन्हा उभे राहते. मला या सोयीचे कौतुक आहे आणि तिची थोडी भीतीही वाटते. मी प्रत्येक पेटी कधी उघडली हे कुणाला तरी पाहता येते, आणि तो पाहतो की नाही हे केवळ त्याच्या स्वभावावर अवलंबून आहे. पाटीवरचे नियम चार ओळींचे असले तरी अ‍ॅडमिनची सत्ता अमर्याद असते. काही सर्व्हरवर तिचा उपयोग धंद्यासाठी होत असे. पैसे देणाऱ्याला जास्त ताकदीची तलवार. २०१४ मध्ये खेळ बनवणाऱ्या मोजांग कंपनीने आपल्या अटी स्पष्ट करून खेळात वरचढ ठरवणाऱ्या गोष्टी विकण्यास मनाई केली, तेव्हा मालकांनी मोठी ओरड केली होती. मला ती मनाई योग्य वाटते.

सर्व्हर म्हणजे शेवटी इंटरनेटला लावलेले दार, आणि त्यातून काय काय आत येऊ शकते याचे दोन दाखले पुरेत. २०१६ मध्ये इंटरनेटचा मोठा भाग ठप्प करणाऱ्या मिराई या, परस्पर ताब्यात घेतलेल्या यंत्रांच्या जाळ्याचे मूळ माइनक्राफ्ट सर्व्हरांभोवतीच्या धंद्यातल्या चढाओढीत होते. स्पर्धकाचा सर्व्हर बंद पाडला की त्याचे गिऱ्हाईक आपल्याकडे येते, इतका साधा हिशेब. आणि २०२१ च्या डिसेंबरमध्ये लॉगफोरजे या नोंदी ठेवणाऱ्या सॉफ्टवेअरमधली भयंकर फट उघडकीला आली तेव्हा चॅटमध्ये टाकलेल्या एका ओळीने सर्व्हरचा ताबा घेता येत होता. उलट बाजूने, त्याच दारातून दुसऱ्या गोष्टीही गेल्या आहेत. रिपोर्टर्स विदाउट बॉर्डर्स या संस्थेने १२ मार्च २०२० रोजी एका सर्व्हरवर भव्य ग्रंथालय उघडले आणि इजिप्त, मेक्सिको, रशिया, सौदी अरेबिया, व्हिएतनाम येथे दडपलेले लेख खेळातल्या पुस्तकांत ठेवले. स्टुअर्ट डंकन यांनी २०१३ मध्ये ऑटिझम असलेल्या मुलांसाठी आणि त्यांच्या कुटुंबीयांसाठी ऑटक्राफ्ट सुरू केला, कारण ही मुले इतर सर्व्हरवर छळली जात होती. तो सर्व्हरही व्हाइटलिस्टवर चालतो. दार बंद ठेवण्याचा अधिकार किती मोलाचा असू शकतो, हे मला तिथली माहिती वाचताना पटले.

सध्या आमच्याकडे मोठा वाद चालू आहे तो जग पुसण्याचा. खेळाच्या नव्या आवृत्त्यांतली नवी भूमी केवळ आजवर कुणी न पाहिलेल्या भागात तयार होते. २०२१ च्या अखेरीस आलेल्या १.१८ मध्ये डोंगर उंच झाले, जमीन ६४ ब्लॉक खोल गेली, पण जिथे कुणी एकदा चालून गेले होते तिथला पृष्ठभाग जुनाच राहिला. आमचे जग त्याहून जुने आहे. चौकाच्या आसपास सगळे चोखाळून झालेले. नव्यांना काही नवे पाहायचे तर पाताळातून बराच वेळ होडी हाकावी लागते. त्यांचे म्हणणे आहे, की सगळे पुसून कोऱ्या जगापासून सुरुवात करावी म्हणजे जुने आणि नवे एका पातळीवर येतील. त्यात तथ्य आहे. पहिल्या दिवशी सर्वांच्या हाती लाकडी टिकाव असणे ही समता जुन्या जगात कधीच मिळत नाही, आणि जुन्या मंडळींची पेट्यांत भरलेली श्रीमंती नवख्याला दडपणारी असते.

माझे मत पुसण्याच्या विरोधात आहे. घरे पुन्हा बांधता येतील, कदाचित अधिक चांगली. पण वीस-पंचवीस लोकांनी एकमेकांना न विचारता, कुणीही आराखडा न काढता खणलेला बोगदा पुन्हा तसा खणला जाणार नाही. दुसऱ्यांदा कुणीतरी शहाणा आधी नकाशा काढेल आणि सगळीकडे सारख्या विटा लागतील. मतदान अजून संपलेले नाही. मधल्या काळात पूर्वेचा बोगदा नव्या भूमीपर्यंत पुढे न्यायचे मी ठरवले आहे. आणि पुसण्याच्या बाजूने मत दिलेल्यांपैकी एक जण काल दोन पेट्या बर्फ घेऊन त्या टोकाला येऊन थांबला होता. त्याचे मत बदललेले नाही, असे त्याने मला दोनदा बजावले आणि कामाला लागला.